हलगी कुणी वाजवली?

रात्रपाळी होती. पहाटे तीनच्या सुमाराला लाईट गेली आणि डाळमिल एकदम मुकी झाली. लातूरच्या डाळमिलीत ज्यानं काम केलंय त्याला ठाऊक आहे, मशीन चालू असताना शेजारच्याचं बोलणं ऐकू येत नाही, ओठ वाचावे लागतात. चाळण्या थांबल्या, पट्टे थांबले, तुरीची धूळ तेवढी अंधारात तरंगत राहिली. आम्ही पोत्यांना पाठ टेकून बसलो. एका पोरानं मोबाइलवर गाणं लावलं. 'फँड्री'चं. सिनेमाच्या जाहिरातीसाठी अजय-अतुलनी केलेलं ते गाणं, ज्यात हलगी छातीवर येऊन बसते.

आमच्यात एक हमाल आहे, वयानं बापाच्या पिढीचा. सगळे त्याला मामा म्हणतात. लग्नसराईत हलगी वाजवतो, एरवी पोती उचलतो. गाणं चालू असताना त्याची बोटं मांडीवर चालायलेली मी मोबाइलच्या उजेडात पाहिली. गाणं संपलं तसं त्यानं विचारलं,

"कुणाचं हाय रे?"

"अजय-अतुलचं."

"त्ये ठाऊक हाय. हलगी कुणाची हाय?"

पोरानं मोबाइल खालीवर केला. गाणाऱ्याचं नाव होतं, संगीतकाराचं होतं, कंपनीचं होतं. हलगीवाल्याचं नव्हतं. मामा हसला. "आसंल कुणीतरी आपल्यातलाच," म्हणाला. तेवढ्यात लाईट आली आणि पुन्हा ओठ वाचायची वेळ आली.

दोस्तांनो, मी संगीतातला जाणकार नाही. सा कुठं संपतो अन् रे कुठं सुरू होतो हे मला कळत नाही. शाळा अर्धी सोडलेली, जे वाचलं ते रद्दीतनं आणि वाचनालयातनं. पण मामाच्या त्या प्रश्नानं मला झोप लागू दिली नाही. सिनेमाचा संगीतकार म्हणजे नेमकं कोण? तो काय करतो? आणि आपल्या वस्तीतला आवाज त्याच्या नावावर कसा जातो? हे मी माझ्या परीनं शोधलं. जेवढं पक्कं सापडलं तेवढंच लिहितोय.

पहिल्यांदा मागं जाऊ.

१९४७ साली 'राम जोशी' हा सिनेमा आला. तमाशापटांची वाट तिथून रुंद झाली असं मानतात. शांतारामबापूंच्या राजकमलचा सिनेमा, संगीत वसंत देसाईंचं. देसाई कोकणातला माणूस, प्रभात कंपनीत पडेल ते काम करत वर आलेला. पुढं 'दो आँखें बारह हाथ', 'गूँज उठी शहनाई' यांनी त्यांचं नाव देशभर गेलं. कष्टाच्या माणसाबद्दल माझ्या मनात आदरच आहे. पण मला खटकतं ते असं, की तमाशाच्या फडात पिढ्यान्पिढ्या नाचले, वाजवले, सोंगं काढली ती महार, मांग, कोल्हाट्यांनी. आणि पडद्यावर तमाशा थाटानं आला तो सोलापूरच्या ब्राह्मण शाहिराच्या खांद्यावर बसून. राम जोशी मोठा शाहीर होता, वाद नाही. तरी निवड बोलते.

मग १९५९ साली अनंत माने यांचा 'सांगत्ये ऐका'. संगीत वसंत पवारांचं. पुण्याच्या विजयानंद टॉकीजात हा सिनेमा १३१ आठवडे चालला. १३१ आठवडे म्हणजे अडीच वर्षं! बैलगाड्या जोडून माणसं सिनेमाला आली म्हणतात. या सिनेमानं ठरवून टाकलं, की मराठी सिनेमाला पैसा मिळवायचा तर ढोलकी पाहिजे. पुढची पंधरा-वीस वर्षं कारखान्यातनं माल निघावा तसे तमाशापट निघाले. या कारखान्यातला सगळ्यात तयार कारागीर म्हणजे मिरजेचे राम कदम. त्यांच्या १९७२ च्या 'पिंजरा'तली गाणी माझ्या आजीला पाठ होती आणि माझ्या पुतणीलाही पाठ आहेत. 'पिंजरा'ची गोष्ट मुळात १९३० च्या 'द ब्लू एंजल' या जर्मन सिनेमावरनं घेतलेली. जर्मनीचा मास्तर महाराष्ट्रात येऊन गुरुजी झाला, बाकी बिघडला तसाच. सगळा सिनेमा गुरुजींच्या अब्रूसाठी रडतो. नाचणारीच्या अब्रूसाठी तेवढा रडत नाही. असो, ते सिनेमावाल्यांचं झालं. राम कदमांच्या चालींना मी नावं ठेवणार नाही. त्या चालींत फडाचा घाम आहे म्हणूनच त्या अजून जगल्या आहेत.

माझं म्हणणं वेगळं आहे. फडावरचा ढोलकीवाला लावणी वाजवतो तेव्हा ती त्याची असते. बाईच्या पायाकडं बघून तो हात बदलतो, पब्लिकच्या शिट्टीवर लांबवतो. स्टुडिओत तोच हात तीन मिनिटांच्या गाण्यात बसवला जातो. कुठं वाजवायचं, कुठं थांबायचं हे दुसरा सांगतो. वाजवणारा मालक होता तो मजूर होतो. आमच्या गावचा विणकर मिलमध्ये गेला तेव्हा त्याचं जे झालं, तेच हे.

माझं गाव नांदेड जिल्ह्यातलं, लोहा तालुक्यातलं. म्हणजे माळेगावची जत्रा आमच्या अंगणातली. मार्गशीर्ष सरताना खंडोबाची ही जत्रा भरते. घोडे, गाढवं, उंट, घोंगड्या आणि तमाशाचे फड. पोरपणी मी राहुट्यांच्या मागून तंबूची फट धरून तमाशा बघितलाय. मला आठवतं ते असं: गण झाला, गवळण झाली, आणि मग पब्लिक ओरडायला लागलं. कशासाठी? 'नटरंग'च्या गाण्यासाठी. फडातली बाई सिनेमातली लावणी सिनेमातल्या बाईसारखी नाचायची, आणि तिच्यामागं म्हातारा ढोलकीवाला सिनेमातल्या ढोलकीची नक्कल करायचा. त्याच्या बापाचीच ढोलकी मुंबईला जाऊन, आंघोळ करून, पावडर लावून परत आली होती आणि आता तो तिची नक्कल करत होता! तेव्हा मला याचं काही वाटलं नव्हतं. मीही शिट्ट्याच मारल्या.

'नटरंग' आला १ जानेवारी २०१० ला. आनंद यादवांच्या कादंबरीवरचा, रवी जाधवांचा सिनेमा. संगीत अजय-अतुल यांचं. आता या दोघांवर यायला हवं, कारण माझ्या पिढीच्या कानात जो मराठी सिनेमा आहे तो निम्मा यांनीच भरलाय.

अजय आणि अतुल गोगावले, सख्खे भाऊ. वडील महसूल खात्यात नोकरीला, बदलीच्या गावांना फिरणारे. घरात गाण्याचं घराणं नाही, वाद्य नाही. ज्याच्याकडं वाद्य असेल त्याच्याशी दोस्ती करायची, बँडमध्ये वाजवायचं, असं करत शिकलेले. हे वाचलं तेव्हा मला ते जवळचे वाटले. आपल्या वस्तीतले ते नाहीत, पण कुठल्या उस्तादाच्या गंड्यातले पण नाहीत. दारिद्र्यात नसेल पण दाराबाहेर उभं राहून शिकणं काय असतं हे त्यांना माहीत असावं. २००४ च्या 'अगं बाई अरेच्चा!' आणि 'सावरखेड एक गाव'पासून त्यांचं नाव झालं. २००६ साली 'जत्रा' आला. त्यातलं कोंबडीचं गाणं कुठल्या वरातीत वाजलं नाही ते सांगा! ते गायलं आनंद शिंदे आणि वैशाली सामंत यांनी. आनंद शिंदे म्हणजे प्रल्हाद शिंदे यांचा मुलगा. ज्या गळ्यानं आपल्या वस्त्यांत भीमगीतं पोचवली, तो गळा सिनेमाच्या पडद्यावर दणक्यात आला. मग २०१२ साली हीच चाल हिंदी 'अग्निपथ'मध्ये 'चिकनी चमेली' होऊन गेली. चाल गेली, ठेका गेला, संगीतकारही गेले. आनंद शिंदेंचा आवाज मात्र अलीकडंच राहिला. हिंदीत ते गाणं श्रेया घोषाल यांनी गायलं. त्या मोठ्या गायिका आहेत. मी फक्त कोण पुढं गेलं आणि कोण मागं राहिलं एवढं मोजतोय.

'जोगवा'बद्दल मात्र थांबून बोलायला पाहिजे.

राजीव पाटलांचा 'जोगवा' २००९ साली लागला. यल्लम्माला सोडलेल्या जोगत्या-जोगतिणींची गोष्ट. राजन गवस आणि चारुता सागर यांच्या लिखाणावर उभा राहिलेला सिनेमा. या सिनेमासाठी अजय-अतुलना संगीताचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, गायक हरिहरन आणि गायिका श्रेया घोषाल यांनाही मिळाला. चौंडकं हे जोगतिणीचं वाद्य. काखेत धरून तार छेडायची, तिच्या टणत्कारावर दारोदार जोगवा मागायचा. हे वाद्य म्हणजे भीक. हे वाद्य म्हणजे वयात यायच्या आधी देवाच्या नावानं गळ्यात पडलेला दोर. आणि ते आता राष्ट्रीय पुरस्काराच्या कागदावर.

तुम्हाला एक तारीख सांगतो. १६ जून १९३६. मुंबईत परळच्या दामोदर हॉलमध्ये बाबासाहेबांनी देवदासी, मुरळ्या, जोगतिणींची सभा घेतली. कामाठीपुऱ्यातल्या बाया आल्या होत्या. बाबासाहेबांनी त्यांना स्पष्ट सांगितलं, हे जिणं सोडा. कला म्हणून टिकवा, परंपरा म्हणून जपा, असं काही गोड सांगितलं नाही. सोडा म्हणाले. आणि आपल्या आज्यांनी सोडलं. चौंडकी विहिरीत गेली, कवड्यांच्या माळा तुटल्या. देवदासी प्रथेविरुद्धचा महाराष्ट्राचा कायदा व्हायला पुढं २००५ साल उजाडावं लागलं.

मग 'जोगवा'चं संगीत ऐकून माझ्या अंगावर काटा येतो तो कशाचा? मी दोन-तीन वर्षं स्वतःला हे विचारत होतो. आता मला वाटतं, संगीतकारानं इथं चोरी केलेली नाही. त्यानं ऐकलंय. सिनेमा जोगत्याला नाचवून पैसे कमावत नाही, त्याला माणूस म्हणून सोडवायला बघतो, आणि संगीत त्याच्या बाजूनं उभं राहतं. 'पिंजरा' आणि 'जोगवा' यांत मला हा फरक दिसतो. पण चौंडकं वाजवणाऱ्या त्या बोटांना पुरस्कार नाही, हे दोन्हीकडं सारखंच.

इथं संगीतकाराचं काम काय असतं ते सांगायला हवं, कारण आपल्या पोरांना वाटतं, चाल लावली की झालं. गाणी हा कामाचा एक तुकडा. सिनेमाभर जे मागं वाजतं ते पार्श्वसंगीत, ते वेगळं काम. जुळवलेला सिनेमा समोर चालवून संगीतकार सेकंद मोजतो. इथं दार उघडतं, इथं बाई वळते, इथं सूर यायला पाहिजे, इथं गेला पाहिजे. वाजवणाऱ्यांच्या कानात घड्याळासारखी टिकटिक सोडतात, तिच्याबाहेर एक ठोका जायचा नाही. कित्येकदा ही दोन कामं दोन वेगळी माणसं करतात. 'फँड्री'चं गाजलेलं गाणं अजय-अतुलचं, पण सिनेमाच्या आतलं संगीत अलोकनंदा दासगुप्ता यांचं. हे आपल्याकडं शंभरातल्या पाचांनाही माहीत नसेल. मलाही नव्हतं.

'फँड्री'तलं पोरगं, जब्या. ते काम करणारा सोमनाथ अवघडे नागराज मंजुळेंना कसा सापडला? करमाळा तालुक्यातल्या केम गावी तो हलगी वाजवत होता. हलगी वाजवताना दिसला म्हणून तो सिनेमात आला, आणि त्याला बालकलाकाराचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. हे मी मामाला सांगितलं. मामा म्हणाला, "मंग एकाचं तरी नाव लागलं की रं." लागलं खरं. पण अभिनयासाठी.

मग 'सैराट'. २९ एप्रिल २०१६. अजय-अतुल हे संगीत घेऊन अमेरिकेत लॉस एंजलिसला गेले, सोनीच्या स्टुडिओत तिथल्या वादकांकडून त्यांनी ते वाजवून घेतलं. तिथं ध्वनिमुद्रण झालेला हा पहिला भारतीय सिनेमा. करमाळ्याच्या केळीच्या बागेत पळणाऱ्या पोरापोरीच्या मागं गोऱ्यांची व्हायोलिनं! याला काही जणांनी नाकं मुरडली. मला ते आवडलं. पारध्याच्या पोराचं प्रेम म्हणजे ढोलकी आणि तुणतुणं एवढंच का? जगातल्या राजेरजवाड्यांच्या प्रेमाला जो वाद्यवृंद लागतो तोच त्यालाही लागला पाहिजे. हलगी आपली आणि व्हायोलिन त्यांचं, अशी वाटणी ज्यांना पाहिजे त्यांना गावकुसाबाहेरची वाटणीच पाहिजे.

आणि त्याच सिनेमाचा शेवट आठवा. भिंतीपलीकडं खून झालाय, लेकरू रक्तात पावलं उमटवत बाहेर जातं, आणि पडद्यावर एक सूर नाही. अख्ख्या महाराष्ट्राला नाचवणारे संगीतकार तिथं गप्प आहेत. नांदेडच्या टॉकीजात मी तो शेवट पाहिला. शिट्ट्यांनी भरलेलं थेटर होतं. शेवटी खुर्ची करकरली तरी ऐकू येत होती. सूर कुठं वाजवायचा नाही हे ज्याला कळलं, तो माझ्या लेखी खरा संगीतकार. दोघा भावांचं सगळ्यात मोठं काम कुठलं असं कुणी विचारलं तर मी ती शांतता सांगेन, मग तो निर्णय दिग्दर्शकाचा असो की त्यांचा.

आता पैशाकडं वळू. स्टुडिओतल्या वादकाचा दिवस कशात मोजतात ठाऊक आहे? शिफ्टमध्ये. तोच शब्द. मी डाळमिलीत शिफ्ट करतो, तो स्टुडिओत शिफ्ट करतो. शिफ्ट संपली, पैसे घेतले, विषय संपला. २०१२ साली कॉपीराइटचा कायदा सुधारला. गीतकार आणि संगीतकार यांचा रॉयल्टीचा हक्क कंपनीला लिहून घेता येणार नाही, अशी तरतूद झाली. चांगली गोष्ट झाली. गाणं जितक्यांदा वाजेल तितक्यांदा त्यांच्या घरी काहीतरी येईल. पण हलगीवाल्याचा ठोका दहा वर्षं वरातीत वाजत राहिला तरी त्याच्या घरी बहुधा एकदाच काय ते आलेलं असतं. माझ्या हातनं गेलेली तूर मुंबईत कुणाच्या ताटात पडते ते मला कळत नाही, तसंच हे.

कुणी म्हणेल, लिहिता-वाचता आलं की नाव लागतं. संगीत लिहायला शिका. मलाही तसंच वाटायचं. पण गोव्याच्या वादकांची गोष्ट वाचली आणि गप्प झालो. हिंदी सिनेमाच्या भरभराटीच्या काळात संगीतकारांच्या चाली कागदावर उतरवून शंभर वाद्यांत वाटून देणारे बहुतेक गोव्याचे ख्रिस्ती लोक होते. सेबॅस्टियन डिसोझा, अँथनी गोन्साल्विस. यांना संगीत लिहिता येत होतं, पुष्कळदा ज्याचं नाव पडद्यावर त्याच्यापेक्षा चांगलं येत होतं. तरी नाव दुसऱ्याचंच मोठं. गोन्साल्विसांचं नाव लोकांच्या तोंडी आलं ते १९७७ च्या 'अमर अकबर अँथनी'तल्या गाण्यामुळं. त्यांचा शिष्य प्यारेलाल त्या सिनेमाचा संगीतकार होता, म्हणून. म्हणजे शिक्षण पाहिजेच, पण नुसत्या शिक्षणानं भागत नाही. संघटनाही पाहिजे. हे मी तुम्हाला नव्यानं काय सांगायचं.

आपल्यातला कुणी त्या खुर्चीत बसला तर? बसलाय की. तमिळनाडूत. इळैयराजा. पन्नैपुरम नावाच्या खेड्यातला, दलित घरातला पोरगा. थोरला भाऊ वरदराजन कम्युनिस्ट पक्षाच्या सभांतनं गायचा, त्याच्याबरोबर हा गावोगाव हार्मोनियम घेऊन हिंडला. मद्रासला जाऊन धनराज मास्तरांकडं पाश्चात्त्य संगीत लिहायला शिकला. १९७६ साली 'अन्नक्किळी' आला आणि शेतातल्या बायांचा सूर तमिळ सिनेमात शिरला. त्यानंतर हजारावर सिनेमे. ८ मार्च २०२५ ला त्यानं लंडनमध्ये स्वतः लिहिलेली सिंफनी वाजवून घेतली, वयाच्या ऐंशीनंतर. हे वाचून माझी छाती फुगली. पण हाच माणूस आपली ओळख दलित म्हणून करून देत नाही. एप्रिल २०२२ मध्ये एका पुस्तकाच्या प्रस्तावनेत त्यानं बाबासाहेबांची आणि नरेंद्र मोदींची तुलना केली. त्याच वर्षी जुलैत त्याला राज्यसभेवर नेमलं. आपली पोरं भडकली, मीही भडकलो. रागाच्या भरात मोबाइलमधली त्याची गाणी पुसली. आठ दिवसांनी परत घेतली. सूर आणि माणूस यांचा हिशेब कसा जुळवायचा ते मला अजून येत नाही.

आपल्याकडं टीव्हीवर एक वेगळी गोष्ट घडली ती नोंदवून ठेवतो. मे २०१९ ला स्टार प्रवाहवर बाबासाहेबांच्या जीवनावरची मालिका सुरू झाली, ऑक्टोबर २०२० पर्यंत चालली. तिचं शीर्षकगीत आदर्श आणि उत्कर्ष या शिंदे भावांचं. आनंद शिंदेंची मुलं, प्रल्हाद शिंदेंचे नातू. आजोबा जे ओटीवर, मंडपात, कॅसेटवर गायले, ते तिसऱ्या पिढीनं रात्रीच्या टीव्हीवर आणलं, नावासकट. ते लागलं की आमच्या गल्लीतल्या बाया चुलीवरची भाकरी सोडून यायच्या. गाणं कसं आहे यावर माझी मतं आहेत, थोडं गुळगुळीत झालंय. पण गावातल्या पाटलाच्या घरातल्या टीव्हीतनंही तेच वाजत होतं, हे विसरून चालणार नाही.

कारण आपलं वाजणं हे नुसतं वाजणं नसतं. १ जून २०२३ ला नांदेडजवळ बोंढार हवेलीत आपल्या एका तरुणाचा खून झाला. गावात भीमजयंती काढल्याचा राग होता, असं फिर्यादीत म्हटलंय. त्या संध्याकाळी गावात वरात निघालेली होती, वाजंत्री होती, त्या आवाजात हे घडलं. कुणाचा आवाज गावच्या रस्त्यावरनं जाऊ शकतो आणि कुणाचा नाही, हा मराठवाड्यातला जुना प्रश्न आहे आणि तो मिटलेला नाही.

आता आपल्या घरात बघू. हे लिहायला मला सगळ्यात जड जातंय.

माझ्या आज्यानं वाजवणं सोडलं. धर्मांतरानंतर गावात ठराव झाला, मेलेलं ढोर ओढायचं नाही, दवंडी द्यायची नाही, लग्नात वाजवायचं नाही. आज्यानं हलगी चुलीत घातली असं आजी सांगायची. त्याबद्दल मला अभिमान आहे आणि राहील. जे वाद्य हातात घेतल्यावर शिळी भाकरी मिळायची आणि अंगणाबाहेर उभं राहावं लागायचं, ते जाळलंच पाहिजे होतं. पण सोडल्यावर आपण काय केलं? ज्यांनी सोडलं नाही त्यांना हसलो. मातंग भावांच्या हातात हलगी राहिली, आणि आपल्याच पोरांनी त्यांना त्यावरनं हिणवलं. मीही शाळेत असताना एका वर्गमित्राला हिणवलंय. तो बापाबरोबर वाजवायला जायचा म्हणून. ऑगस्ट १९७८ मध्ये, नामांतराच्या दंगलीत, नांदेड जिल्ह्यातल्या टेंभुर्णीत पोचीराम कांबळे यांनी जय भीम म्हणणं सोडलं नाही म्हणून जीव दिला. पोचीराम मातंग होते. ज्या समाजानं आपल्या घोषणेसाठी मरण घेतलं त्याच्या हातातल्या वाद्याला आपण हसायचं?

आणि मजा बघा. हसता हसता आपण त्याच हलगीवर नाचायला लागलो, पण कधी? अजय-अतुलनी स्टुडिओत वाजवून घेतल्यावर. स्पीकरमधनं आली की ती चालते. माणसाच्या हातातनं आली की कमीपणा वाटतो. तमिळनाडूत पराई या वाद्याचं अगदी असंच झालेलं. मेल्या माणसापुढं वाजवायचं वाद्य म्हणून ते आपल्यासारख्यांच्या गळ्यात होतं. पण तिथल्या काही पोरांनी ते चळवळीचं वाद्य म्हणून परत हातात घेतलं, चेन्नईत 'कास्टलेस कलेक्टिव्ह' नावाचा बँडच उभा केला. काहींनी तिथंही विरोध केला, गुलामीची खूण परत कशाला म्हणून. त्यांचंही खोटं नाही. आज्यानं जाळली ती बरोबर, आणि आज कुणी स्वतःच्या मर्जीनं, पैसे ठरवून, मान घेऊन वाजवली तर तेही बरोबर, असं मला वाटतं. तुमच्यातल्या काहींना हे पटणार नाही. पुढच्या अंकात लिहा, भांडू.

चैत्रात आमच्या गल्लीत जयंतीची बैठक झाली. डीजे किती वाजेपर्यंत, वर्गणी किती, पोलिसांची परवानगी कुणी आणायची. मी म्हणालो, डीजेपुढं एक तास हलगी ठेवू, मामा आणि त्याच्याबरोबरचे तिघं. कुरकुर झाली, मग मान्य झालं. खजिनदारानं वहीत लिहिलं, हलगी, चार जण, पुढं रक्कम. मी म्हणालो, रक्कम लिहिली तशी नावंही लिहा, हँडबिलवर डीजेच्या नावाखाली छापू. त्यानं पेन वर धरलं. "सांग नावं."

सहा वर्षं मी मामाशेजारी पोती उचलतोय. मला त्याचं नाव सांगता आलं नाही. बैठकीतल्या कुणालाच आलं नाही. खजिनदारानं ती ओळ मोकळी सोडली आणि मी त्या रात्री पाळीला जरा लवकर गेलो.